बारटक्के

लॉ कॉलेज रस्त्यावरच्या त्या थंडगार खोलीत
पांढरे हातमोजे घातलेल्या बाईंनी
टेबलावर सात पोस्टरं अंथरली.
इटलीची, म्हणाल्या. एकाच माणसाची.
हात लावू नका.

विश्राममास्तरांनी हात पाठीमागे बांधले,
चष्मा कपाळावर सरकवला
आणि नाक कागदापाशी नेलं.
टिंबर मार्केटच्या मागच्या शेडमध्ये चाळीस वर्षं
तीस-तीस फुटी नट्या रंगवलेला माणूस,
आधी वास घेतो.
तेल नाही, म्हणाले. छापलंय.

कोपऱ्यात सही. मी अक्षरं जुळवली : बार्ताक्की.
"बारटक्के? कुठले? रत्नागिरीकडचे?"
बाईंना हसू आलं नाही.
पण तिथून पुढे तो बारटक्केच झाला.

पहिल्यावर साल होतं, अठ्ठेचाळीस.
"पोरगा आहे हा. कोटाची बटणं बघ, मोजून काढलीत.
उस्ताद मागे उभा असला की माणूस बटणं मोजतो."

दुसऱ्यात लालच लाल.
"आता पैसे वेळेवर मिळायला लागले."

तिसऱ्यापाशी थांबले.
एक बाई, एक बाप्या, मागे पेटलेलं जहाज.
बाईच्या नाकाची सावली डावीकडे,
बाप्याच्या नाकाची उजवीकडे.
"यानं सिनेमा पाहिलेलाच नाही!
दोन फोटो दिलेत हातात, म्हणालेत शुक्रवारी पाहिजे."
आणि इतक्या मोठ्यानं हसले
की बाईंनी कागद आपल्याकडे ओढून घेतला.

आम्ही तरी कुठे पाहायचो?
सोमवारी तीन फोटो यायचे,
गुरुवारी रात्री कापड बांबूवर चढायचं.
मी खडूच्या दोरीनं चौकटी पाडायचो, इंचाला फूट.
एक डोळा या पटावर, दुसरा त्या पटावर,
मास्तर दोन्हींना एकाच दिशेला बघायला लावायचे :
अलका चौकातून लकडी पुलाकडे.

चौथं. पाचवं.
"याच्या घरात आजारपण होतं."
कशावरून, बाईंनी विचारलं.
"हात काढलेले नाहीत.
सगळ्यांचे हात खिशात, नाहीतर धुक्यात.
आमची मंडळी के.ई.एम.ला होती त्या वर्षी
मीपण पाच सिनेमे बिनहाताचे काढले."
मला ते ठाऊक नव्हतं.
धुकं मीच भरलं होतं त्यातलं.

सहाव्यासमोर ते काहीच बोलले नाहीत.
पाठीमागे बांधलेल्या हाताचं एक बोट तेवढं हलत होतं,
गालावरून हनुवटीकडे,
मग परत.

सातव्यात नुसता फोटो. नाव तेवढं हातानं लिहिलेलं.
सही नाही. हे त्याचंच का, आम्हाला खात्री नाही, बाई म्हणाल्या.
"त्याचंच. शेवटच्या अक्षराची सावली बघा,
उलट्या बाजूला पडलीय."
मग माझ्याकडे वळून,
"इथे ब्रश तुझ्याकडे आला."
मी त्यांचा अक्षरवाला.
बाईंनी वहीत पेन्सिलीनं काहीतरी लिहिलं.

मूळ चित्रं कुठे असतील?
छापखान्यानं टाकली असतील, म्हणाल्या.
मास्तरांनी मान हलवली.
आमची कापडं गुलटेकडीला जायची, कांद्यावर झाकायला.
एकदा हडपसरच्या रस्त्याला ट्रकवर
एक भुवई फडफडत गेली.
मी ओळखली.
मास्तर पानवाल्याकडे सुटे मागत राहिले.

परतताना रिक्षा सिग्नलला अडली.
वर फ्लेक्स : कुणाचा तरी वाढदिवस,
शुभेच्छुक चौदा.
मास्तर खाली वाकून, मान बाहेर काढून बघत होते.
"उजेड समोरून. एकाच्याही नाकाला सावली नाही."
सिग्नल सुटला. मागचे हॉर्न वाजवू लागले.
"हात मात्र काढलेत," म्हणाले,
"चौदाच्या चौदा जणांचे. जोडलेले."